बेलखेड्याची चौकशी

जामखुट्याच्या पंजाबरावांची हर्षा आयर्लंडात नर्स आहे, हे वरूड तालुक्यात बऱ्याच जणांना माहीत होतं. आयर्लंड कुठे आहे, हे तितक्यांना माहीत नव्हतं. लंडनला उतरून पुढे जावं लागतं, एवढ्यावर गावाचं समाधान झालं होतं. तिथल्या एका खेड्यात म्हाताऱ्या माणसांना सांभाळायचं एक घर आहे, तिथे ती चार वर्षांपासून नोकरीला. खेड्याचं नाव बॅलीकेरा. जामखुट्यानं पहिल्याच आठवड्यात त्याचं बेलखेडा करून टाकलं. मग शेजारच्या पार्वताबाईंनी हर्षाच्या आईला, बेबीताईंना, रस्त्यात थांबवून विचारलंही, की पोरगी बेलखेड्याला आहे तर पोळ्याला घरी का येत नाही, एस.टी. तर दिवसातून दोनदा आहे.

हर्षा फोनवर सांगायची त्यावरून बॅलीकेरा डोळ्यांसमोर उभं राहायला वेळ लागत नसे. गावात एकच रस्ता. एक चर्च, तेवीस पोरांची शाळा, एक दुकान ज्याच्या कोपऱ्यात पोस्टही आहे, आणि दारूचे दोन गुत्ते. दोन अशासाठी, की एकात बसणारे दुसऱ्यात बसणाऱ्यांशी बोलत नाहीत. का बोलत नाहीत हे ज्यांना ठाऊक होतं ते मेले. समोरून गाडी आली की चालवणारा स्टिअरिंगवरचं एक बोट उचलतो, तो तिथला रामराम. कोणाच्या दारात कोणाची गाडी किती वेळ उभी होती हे सगळ्या गावाला पाठ असतं, पण विचारायला गेलं तर कोणालाच काही माहीत नसतं. पंजाबरावांनी हे सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मंग एवढ्यासाठी इतक्या दूर काहून गेली वं तू?"

या एप्रिलमध्ये तिनं सांगितलं, की लग्न करायचं आहे आणि मुलगा त्याच गावचा आहे. नाव डोनल. वय चौतीस. वडील नाहीत, आई आहे, ब्रायडी नावाची. डोनलची आजी हर्षाच्या देखरेखीखाली होती. तो दर बुधवारी यायचा, आजीजवळ तासभर गप्प बसायचा आणि निघून जायचा. दुसऱ्या वर्षी तो जाताजाता हर्षाला म्हणाला, आज पाऊस आहे. त्या गावात वर्षाचे तीनशे दिवस पाऊस असतो, त्यामुळे यात काही वेगळा अर्थ असेल असं तिला वाटलं, आणि होताच.

बेबीताई रडायला बसल्या. धर्म वेगळा, देश वेगळा, खाणंपिणं वेगळं, म्हणून रडत असताना हर्षानं सांगितलं की घरी ऐंशी गाई आहेत. बेबीताईंनी डोळे पुसले. ऐंशी गाईंचं घर वरूड तालुक्यात तरी दुसरं नव्हतं. त्या घरात जेवायला काय असतं, हे त्यांनी विचारलं नाही, आणि न विचारलेल्या गोष्टी सांगण्याची हर्षाला सवय नव्हती.

अडचण वेगळीच होती. ब्रायडीनं अजून हो म्हटलं नव्हतं. हर्षाला ती चार वर्षं पाहत होती, तिच्याबद्दल तक्रार काही नव्हती. पण तिचं म्हणणं असं, की पोरगी पाहिली, घर कुठे पाहिलं? आणि ती नाही म्हणाली तर हर्षाही नाही म्हणणार होती. तिनं बापाला स्पष्टच सांगितलं, "मले त्याच घरात राहाचं आहे, बाबा. मायलेक एकमेकाशी बोलाचे बंद झाले तर त्या घरात बोलणारं कोनी उरत नाई."

पंजाबराव म्हणाले, तिचं ती पाहील. आधी आपण आपली चौकशी करू.

इथे पंजाबरावांबद्दल थोडं सांगायला हवं. सोयरिकीची चौकशी करावी तर त्यांनीच, असं आमच्या भागात मानतात. ज्याच्या घरी मुलगी द्यायची त्या गावी ते सकाळच्या एस.टी.नं जात आणि नातेवाइकांना टाळून न्हाव्याकडे, चहाच्या टपरीवर, पिठाच्या चक्कीवर बसत. माणूस काय बोलतो याकडे त्यांचं लक्ष नसे. बोलायच्या आधी किती वेळ थांबतो, ते बघत. "पोरगं म्हणजे सोनं" असं कोणी पटकन म्हटलं, की ते चहा न संपवता उठत.

ज्याला चौकशी करता येते त्याला भांजीही मारता येते. दुसऱ्याची जमत आलेली सोयरीक एखादा शब्द टाकून मोडायची, याला भांजी मारणं म्हणतात. हा शब्द आमच्याकडे शिवीसारखा वापरतात, पण ज्याला ती नीट मारता येते त्याच्याकडे थोड्या आदरानंच पाहतात. सात वर्षांपूर्वी गावातल्या किराणा दुकानदार भगवंतच्या कुंदनसाठी दर्यापूरचं स्थळ आलं होतं. मुलीकडचे लोक चक्कीवर थांबले, तिथे पंजाबराव होते. पोरगा कसा आहे, असं विचारल्यावर पंजाबराव म्हणाले, "चांगला आहे. आता तर पुष्कळच चांगला आहे."

त्या एका 'आता'वर दर्यापूरचे लोक भगवंतकडे चहालाही न थांबता परत गेले. पंजाबरावांचं म्हणणं, कुंदन नुकताच काविळीतून उठला होता, मग दुसरं काय सांगायचं? कावीळ झाली होती हे खरंच होतं. त्यामुळे त्यांना खोटं पाडता आलं नाही, आणि भगवंतला त्याचंच जास्त लागलं.

तेव्हापासून दोघांत बोलणं नाही. पण किराणा दुकान गावात एकच. पंजाबराव दुकानासमोर उभे राहून हवेला सांगत, की मिठाचा पुडा कुठे मिळाला तर बरं होईल. भगवंत बरण्यांकडे बघत मिठाचा पुडा फळीवर ठेवत. सात वर्षं हा व्यवहार एकही शब्द इकडचा तिकडे न जाता सुरळीत चालला होता.

त्याच वर्षी कुंदनचं लग्न अकोल्याच्या रागिणीशी झालं. जुन्या शहरातली मुलगी, इंग्रजीत एम. ए., आणि अकोल्याची असल्यानं कोणाला भीत नाही. सकाळी ती वरूडच्या ज्युनिअर कॉलेजात शिकवते, दुपारी दुकानात बसते. दर्यापूरच्या स्थळापेक्षा ही सून कितीतरी सरस निघाली, हे सगळं गाव म्हणतं. भगवंतसमोर मात्र कोणी म्हणत नाही. म्हटलं तर त्यांना पंजाबरावांचे आभार मानावे लागतील.

आता पंजाबरावांची पंचाईत अशी, की चौकशी इंग्रजीत करायची होती. हर्षाला दुभाषी करता येत नव्हतं, ती पक्षकार. गावातल्या शिकलेल्या पोरांचं इंग्रजी मोबाइलवर टाइप करण्यापुरतंच होतं. उरली रागिणी. एका दुपारी ते दुकानासमोर उभे राहिले आणि हवेला म्हणाले, की आयर्लंडात एक फोन लावून देणारं कोणी असतं तर बरं झालं असतं. भगवंतनं पेपर तोंडासमोर धरला. रागिणी म्हणाली, "या ना काकाजी, लावते." तिनं नकाशात बॅलीकेरा काढलं, दोन गुत्त्यांपैकी एकाचा नंबर शोधला आणि दुकानाच्याच मोबाइलवरून फोन लावला. इथे चार वाजले होते, तिथे साडेअकरा.

गुत्तेवाला आधी आठ मिनिटं पावसाबद्दल बोलला. रागिणी कंटाळली, पण पंजाबरावांनी तिला हातानं थांबवलं. जो माणूस लगेच मुद्द्यावर येतो त्याच्या बोलण्याला काही किंमत नसते, असा त्यांचा अनुभव. मग रागिणीनं डोनलचं विचारलं. पलीकडून बराच वेळ आवाज आला नाही. शेवटी तो म्हणाला ते रागिणीनं जसंच्या तसं मराठीत सांगितलं: "म्हणतात, तो काही सगळ्यात वाईट नाही."

सोबत आलेल्या बेबीताईंचा चेहरा उतरला. पंजाबरावांचा खुलला. चाळीस वर्षांच्या चौकशीत इतकं तोलून बोलणारा माणूस त्यांना भेटला नव्हता. त्यांनी आणखी विचारायला लावलं. दारू पितो का? गुत्तेवाला म्हणाला, माझा धंदा त्याच्यावर चालायचा असता तर मी तो केव्हाच बंद केला असता. शेती कशी? ऐंशी गाई आहेत आणि आई आहे, असं उत्तर आलं.

"गाई आनि माय यांच्या मधात थांबला का?" पंजाबरावांनी विचारलं.

"थांबले. दोन सेकंद असतील."

"दोन. म्हंजे माय कडक आहे, पर वाईट नाई. वाईट असती तर चार थांबला असता."

पेपरामागून भगवंत सगळं ऐकत होते. पेपर उलटा होता, हे रागिणीनं त्यांना नंतर सांगितलं.

डोनल पसंत पडला. पण पंजाबराव एक गोष्ट विसरले. ज्या गावात आपण चौकशी करतो, त्या गावालाही आपली चौकशी करता येते. गुत्तेवाल्यानं फोन ठेवला आणि पावसात छत्री न घेता ब्रायडीचं घर गाठलं, असं हर्षाकडून कळलं. फोन ज्या नंबरावरून आला तो नंबरही त्यानं दिला. नंबरासोबत व्हॉट्सअ‍ॅपवर भगवंतचा फोटो होता: खांद्यावर शाल, हातात नारळ, पाणंद रस्त्यासाठी जागा सोडल्याबद्दल ग्रामपंचायतीनं केलेल्या सत्काराचा. ब्रायडीला तो फोटो आवडला. तिच्याही गावात कोणाचं घराणं पाहायचं असलं की दुकानात विचारतात, कारण कोण काय खातं, किती खातं आणि कोणाकडून लपवून खातं हे दुकानदाराइतकं कोणाला कळत नाही. तिनं रागिणीला निरोप धाडला: शुक्रवारी, तुमच्या चार वाजता फोन करीन. या गृहस्थांशी बोलायचं आहे.

हा निरोप गावभर पसरायला चक्कीवर एक पायली ज्वारी दळायला लागतो तेवढा वेळ लागला.

हर्षाचं लग्न आता भगवंतच्या जिभेवर होतं, आणि ती जीभ सात वर्षं याच कामासाठी राखून ठेवलेली. बेबीताईंनी त्या रात्री जेवण केलं नाही. हर्षानं फोन केला तर पंजाबरावांनी तिला सांगितलं, की भगवंत तसा चांगला माणूस आहे. तसं म्हणण्याआधी ते किती वेळ थांबले, ते हर्षानं मोजलं असणार. तीही त्यांचीच पोरगी.

पुढचे चार दिवस पंजाबरावांनी दुकानातून एवढ्या वस्तू नेल्या, की बेबीताईंना त्या ठेवायला जागा पुरेना. सोमवारी त्यांनी उदबत्त्या नेल्या. मंगळवारी दोरखंड. बुधवारी त्यांनी हवेला कपड्यांच्या साबणाबद्दल विचारलं आणि सबंध खोकंच घेऊन गेले. भगवंत प्रत्येक वस्तू तितक्याच गंभीरपणे फळीवर ठेवत होते. गुरुवारी बेबीताई स्वतः आंबाडीची भाजी आणि भाकरी घेऊन रागिणीकडे आल्या. रागिणीनं ती घेतली. भगवंतनं रात्री जेवताना विचारलं, भाजी कोणाकडची आहे? रागिणीनं खरं सांगितलं. भगवंतनं दुसऱ्यांदा वाढून घेतली आणि म्हणाले, याचा उद्याशी काही संबंध नाही.

मग त्यांनी रागिणीला बजावलं. मी जे बोलेन तेच सांगायचं. एक शब्द इकडचा तिकडे करायचा नाही. हर्षा तुझी मैत्रीण असेल, पण उद्या तू फक्त तोंड. रागिणीनं कबूल केलं. इतकंच नाही, तर तिनं कडेवरच्या आपल्या बाळाच्या डोक्यावर हात ठेवला. भगवंत म्हणाले, एवढं नको, नुसतं हो पुरे.

शुक्रवारी पावणेचारला दुकानासमोर निम्मं गाव खरेदीला आलं. पंचेचाळीस अंशांच्या उन्हात कोणाला जिरं आठवलं, कोणाला काडेपेटी. ज्याची चौकशी असते त्यानं समोर राहायचं नसतं, हा नियम पंजाबरावांना इतरांपेक्षा जास्त माहीत होता. ते रस्त्यापलीकडच्या चक्कीत जाऊन बसले. दळायला काही आणलं नव्हतं. चक्कीवाल्यानं चक्की बंद ठेवली, म्हणजे ऐकू यावं. पण रस्त्यापलीकडचं ऐकू येत नव्हतं, फक्त भगवंतचे हातवारे दिसत होते.

फोन बरोबर चारला आला. ब्रायडीनं हवामानापासून सुरुवात केली. इथे पंचेचाळीस अंश आहे हे रागिणीला तिला तीनदा सांगावं लागलं. तिनं मध्येच काहीतरी पुटपुटलं, ते रागिणीला प्रार्थनेसारखं वाटलं. मग विचारलं, त्या घराबद्दल काय सांगाल?

भगवंतनं घसा खाकरला. सात वर्षांत त्यांनी मनातल्या मनात शेकडो वाक्यं तयार केली होती. त्यातलं सगळ्यात जड त्यांनी पहिलं काढलं. "तिले सांग, हा मानूस कसा आहे तर सख्ख्या भावासंग एकोणीस वर्षं कोर्टात भांडला. कशासाठी? धुऱ्यासाठी. हातभर जमिनीसाठी."

भावाभावाची भांडणं कोणी बाहेर काढत नाही, आणि सोयऱ्याजवळ तर नाहीच. रागिणीनं सासऱ्यांकडे एकदा पाहिलं आणि शब्दन्‌शब्द सांगितला. धुरा म्हणजे दोन शेतांमधला बांध, हेही समजावलं. त्याची गरज नव्हती. पलीकडून ब्रायडीनं एकच विचारलं.

"त्या विचारतात, जिंकले का?"

भगवंतनं हा प्रश्न धरलाच नव्हता. "जिंकला ना," ते म्हणाले. "हायकोर्टापर्यंत गेला."

ब्रायडीनं सुस्कारा सोडला. शेताकडे जाणाऱ्या एका गल्लीसाठी तिचे यजमान शेजाऱ्याशी बावीस वर्षं भांडले होते, आणि हरले होते. अजूनही गाई लांबच्या वाटेनं न्याव्या लागतात. ती म्हणाली, जमीन सांभाळणारा माणूस आहे, हे कळलं. पुढचं सांगा.

भगवंतला वाटलं रागिणीनं काही तरी बदललं. त्यांनी विचारलं, काय सांगितलं तू? रागिणी म्हणाली, "तुमी बोलले तेच, मामाजी. एकोणीस वर्षंबी सांगितले."

मग भगवंत मुलीवर आले. म्हणाले, पोरगी तोंडाळ आहे. बापाला सोडत नाही, आईला सोडत नाही. एकदा सरपंचाला भर ग्रामसभेत नळाच्या पाण्यावरून असं बोलली, की तो माणूस दोन महिने चक्कीवर आला नाही. ब्रायडीनं विचारलं, मग पाणी आलं का? आलं होतं. शिवाय ती म्हणाली, डोनल गेल्या नाताळापासून माझ्याशी जेवढं बोलला तेवढं मी पोस्टकार्डावर लिहून दाखवीन. घरात बोलणारं कोणीतरी पाहिजेच आहे.

दुकानासमोर एक जण हसला. भगवंतनं त्याच्याकडे पाहिलं, तेव्हा तो जिरं मागू लागला.

भगवंतला घाम फुटला. तो उन्हाचा होता असं त्यांनी नंतर सांगितलं. राखून ठेवलेली वाक्यं अशी बाजारात नेल्याबरोबर उलटी का पडत होती, हे त्यांना समजेना. त्यांनी शेवटचं काढलं, जे वरूड तालुक्यात कुठल्याही मुलीचं स्थळ मोडायला पुरेसं होतं. "सांग तिले. पोट्टी मर्दावानी वागते. टॅक्टर चालवते."

रागिणीनं सांगितलं. ब्रायडीचा आवाज एकदम बदलला. इतका वेळ ती बाजल्यावर टेकून बोलत असावी आणि आता उठून बसली असावी, असं रागिणीला वाटलं. तिनं जो प्रश्न विचारला तो रागिणीलाच नीट कळला नाही. दोनदा विचारून घेतला.

"मामाजी, त्या म्हणतात, मागं ट्रॉली लावली असली तर रिव्हर्स घेता येते का तिले?"

भगवंतनं डोकं खाजवलं.

इथे एक सांगितलं पाहिजे. भगवंत माणसांबद्दल काहीही बोलू शकले असते, पण ट्रॅक्टरबद्दल खोटं बोलणं त्यांच्याच्यानं झालं नसतं. त्यांची स्वतःची चार एकर संत्र्याची बाग आहे. ट्रॉलीसकट ट्रॅक्टर मागे घेणं किती अवघड, स्टिअरिंग उजवीकडे वळवलं की ट्रॉली डावीकडे कशी पळते, हे माहीत असलेला माणूस त्या बाबतीत थट्टा करत नाही. आणि जे झालं ते निम्म्या गावानं पाहिलं होतं, तेच निम्मं गाव आता समोर उभं होतं.

"घेते," ते म्हणाले. मग जरा वेळानं, कोणी विचारलं नसताना, पुढचंही म्हणाले. "वरूडच्या संत्रा मंडीच्या गेटात. भरली ट्रॉली, समोर टरक उभा, दोन्हीकडं हातभर जागा. एका दमात घेतली तिनं. आमच्या कुंदनले जमलं नव्हतं."

मागे गोणीवर बसलेल्या कुंदननं मान खाली घातली. रागिणीनं शेवटचं वाक्यही इंग्रजीत सांगितलं. नवऱ्याबद्दलचं होतं, तिला वगळता आलं असतं. पण तिनं हो म्हटलं होतं.

ब्रायडी पहिल्यांदाच हसली. डोनललाही जमत नाही, ती म्हणाली. त्यानं गेल्या वर्षी चर्चची भिंत पाडली. मग ती गंभीर झाली आणि जुन्या माणसांच्या रीतीनं शेवटचा प्रश्न विचारला. एवढं सगळं सांगणारे तुम्ही त्यांचे कोण?

सांगणारा कोण आहे ते कळल्याशिवाय सांगितलेल्याचं वजन कळत नाही. आपल्याकडेही हा प्रश्न शेवटीच विचारतात. रागिणीनं तो सासऱ्यांपुढे ठेवला आणि वाट पाहत राहिली. भगवंत बरण्यांकडे बघत होते. चक्कीत पंजाबराव उठून उभे राहिलेले सगळ्यांना दिसले. त्यांना ऐकू काही येत नव्हतं, पण भगवंतचे हात पहिल्यांदाच थांबले होते, आणि थांबण्याचा अर्थ त्यांच्याइतका कोणाला कळत नव्हता.

"वैरी," भगवंत म्हणाले. "सात वर्षं झाले, बोलणं नाई आमचं. सांग तिले. खरं तेच सांग."

रागिणीनं सांगितलं. त्यानंतर फोनवर दोघींचं बराच वेळ चाललं. रागिणी नुसती मान हलवत होती, एकदा हसली, एकदा तिनं पेन मागितलं. समोरच्या लोकांना जिरं आणि काडेपेट्या देऊन झाल्या होत्या तरी कोणी हललं नव्हतं. शेवटी तिनं फोन ठेवला.

"त्या म्हणतात," रागिणी सावकाश म्हणाली, "मित्रानं चांगलं सांगितलं तर आमच्या गावात कोणी कानावर घेत नाई. वैऱ्यानं सांगितलं आणि त्यात एवढंच निघालं, तर घर चांगलं आहे. त्यांच्याकडून हो आहे. दिवाळीनंतर गाईंचं दूध कमी होते, तेव्हा त्या इकडं येतात. तुमच्यासाठी निरोप आहे, मामाजी."

"माह्यासाठी काहून?"

"म्हणतात, ती गल्लीची केस त्यांले पुन्हा उघडायची आहे. एकोणीस वर्षं लढून जिंकणारा वकील कोण, त्याचा नंबर पाहिजे. त्यांच्या मते असा वकील देश बदलला तरी चालते. नंबर तुमीच आणून द्यायचा आहे. पोरीच्या बापाकडं त्यांनी आताच काही मागणं बरं दिसत नाई."

भगवंत म्हणाले, तू विचार. रागिणी म्हणाली, मी फक्त तोंड. आणि दुकानाचा हिशेब बघायला आत निघून गेली. भगवंतनं कुंदनकडे पाहिलं. कुंदन म्हणाला, मला रिव्हर्ससुद्धा जमत नाही.

भगवंतनं पायांत चपला घातल्या. दुकानापासून चक्कीपर्यंतचा रस्ता वीस पावलांचा, पण सात वर्षांत तो त्यांनी ओलांडलेला कोणी पाहिला नव्हता. पीठ ते कुंदनकरवी आणवत. मधे एक मोटारसायकल आली, ती त्यांच्यासाठी थांबली. लोक त्यांच्यामागून सावलीसावलीनं निघाले. चक्कीच्या दारात पंजाबराव उभे होते. भिंतीला टेकून टेकून सदऱ्याची पाठ पांढरी झालेली. चेहऱ्यावरून काही कळू द्यायचं नाही, ही त्यांची आयुष्यभराची कमाई. पण हाताची दोन बोटं एकमेकांत अडकली होती आणि ती काही त्यांच्या हुकमात नव्हती.

भगवंत त्यांच्यासमोर जाऊन उभे राहिले. सवयीनं त्यांनी आधी त्यांच्या खांद्यावरून मागच्या हवेकडे पाहिलं. मग हवा सोडली आणि तोंडाकडे पाहिलं.

"वकिलाचा नंबर दे," ते म्हणाले.

पंजाबरावांना कळेना. लग्नाच्या फोनमध्ये वकील कुठून आला? "कोनाले पायजे?"

भगवंत थांबले. किती थांबले ते बघायला समोर तालुक्यातला सगळ्यात जाणता माणूस होता, म्हणून ते जेवढं थांबायचं त्याहून थोडं जास्तच थांबले.

"तुह्या इहीणबाईले," ते म्हणाले.